मराठी पडद्यावर तलवार चालवणारी नायिका होती का?

प्रश्न : परवा नातीबरोबर ‘एंटर द ड्रॅगन’ पुन्हा पाहिला. तरुणपणी सोलापूरला थिएटरात पाहिला होता, तेव्हा सगळं लक्ष ब्रूस लीकडं. नात कराटेच्या वर्गाला जाते. तिनं मध्येच चित्रपट थांबवला आणि विचारलं, “आबा, ही त्याची बहीण झालेली बाई कोण? ही खरंच शिकलेली आहे.” मला सांगता आलं नाही. ती कोण होती? आपल्याकडं, मराठी मुलखात, अशी लढणारी नायिका कधी झाली का? झाली असेल तर तिचा चित्रपट आज बघायला मिळतो का?
— एक वाचक, सास्तूर, ता. लोहारा, जि. धाराशिव

उत्तर : तुमच्या नातीची नजर पक्की आहे. त्या चित्रपटात ती बाई जेमतेम काही मिनिटं दिसते. गुंडांची टोळी तिच्या मागं लागते, ती गल्लीबोळांतून त्यांना लोळवत पळते, शेवटी कोंडली जाते आणि शत्रूच्या हाती पडण्यापेक्षा काचेच्या तुकड्यानं स्वतःचा शेवट करते. एवढंच काम. तरी ते पन्नास वर्षं लोकांच्या लक्षात राहिलं. तिचं नाव अँजेला माओ. जन्म १९५०चा, तैवानमधला. आईवडील चीनच्या मुख्य भूमीवरून तैवानला आलेलं, बीजिंग शैलीच्या संगीत नाटकात काम करणारं कुटुंब. मुलीलाही अगदी लहानपणी त्याच नाटकाच्या शाळेत घातलं गेलं. पहाटे उठायचं, पाय डोक्याच्या वर जाईपर्यंत ताणायचे, कोलांट्या मारायच्या, भाला फिरवायचा, आणि हे सगळं गाण्याच्या तालावर. त्या रंगभूमीवर लढणाऱ्या स्त्रीची भूमिका हा एक स्वतंत्र, मानाचा प्रकार असतो आणि त्यासाठी मुलींना वर्षानुवर्षं घडवलं जातं.

१९७०मध्ये हाँगकाँगमध्ये ‘गोल्डन हार्वेस्ट’ ही चित्रपटसंस्था निघाली आणि तिनं या मुलीला हेरलं. १९७२चा ‘हॅपकिडो’ हा तिचा चित्रपट नातीला जरूर दाखवा. ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये ती चटकन संपते, इथं ती चित्रपट खांद्यावर घेते. हॅपकिडो ही कोरियातली लढण्याची विद्या. ती अँजेला माओ शिकली आणि ते शिकणं पडद्यावर दिसतं. तिच्या हालचालींत घाई नसते. लाथ मारल्यावर पाय कुठं ठेवायचा हे तिला आधीच ठाऊक असतं. पुढं चित्रपट सोडून ती अमेरिकेत गेली आणि न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात कुटुंबासोबत खानावळीच्या धंद्यात रमली.

तैवानमध्ये ती एकटी नव्हती. किंग हू या दिग्दर्शकानं तिथं १९६७मध्ये ‘ड्रॅगन इन’ केला. त्यात शांगक्वान लिंगफंग ही तरुणी पुरुषी वेशात तलवार घेऊन येते. त्याच्याच ‘अ टच ऑफ झेन’मध्ये शू फेंग बांबूच्या बनात लढते, आणि १९७५मध्ये कान महोत्सवात त्या चित्रपटाला तांत्रिक कामगिरीसाठी मोठा मान मिळाला. म्हणजे ज्या वर्षी आपण ‘शोले’त बसंतीचा टांगा बघत होतो, त्याच वर्षी. त्या टांग्यावर धोक्याच्या जागी हेमा मालिनींच्या बदली मुंबईच्या रेश्मा पठाण होत्या. हिंदी चित्रपटसृष्टीतली पहिली स्टंटवुमन म्हणून आज त्यांचं नाव घेतलं जातं, पण त्या काळात पडद्यावर चेहरा नायिकेचा आणि जीव दुसरीचा, अशी आपल्याकडची वाटणी होती.

आता तुमचा मुख्य प्रश्न. हो, आपल्याकडं अशी नायिका झाली. आणि तुम्ही तिला ओळखता. तिला तुम्ही ‘रामायण’ मालिकेत मंथरा म्हणून पाहिलंय, अनेक हिंदी चित्रपटांत सुनेला छळणारी सासू म्हणून पाहिलंय. ललिता पवार.

नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याची ही मुलगी. पैठण्यांचं गाव, आणि घरचा व्यवसायही कापडाचा. पाळण्यातलं नाव अंबा. १९२८च्या सुमारास, अजून बालवयातच, ती मूकपटांत आली. त्या वेळी मराठी मुलखात चित्रपट कंपन्यांची मोठी गर्दी होती. कोल्हापूरला बाबूराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी, नाशिकला दादासाहेब फाळके, आणि पुण्यात आर्यन, अगरवाल अशा कंपन्या. पोरगी धीट होती आणि तो काळ धीट पोरींना काम देणारा होता. अवघ्या पंधरा वर्षांपूर्वी, १९१३मध्ये, फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’च्या तारामतीसाठी एकही बाई मिळाली नव्हती आणि साळुंके नावाच्या तरुणाला लुगडं नेसवावं लागलं होतं, हे लक्षात घेतलं की ‘धीट’ या शब्दाचं वजन कळतं. त्याच वर्षी दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये उभ्या राहिल्या. १९१९मध्ये फाळक्यांनी ‘कालिया मर्दन’मध्ये कृष्ण म्हणून स्वतःच्या लहानग्या मुलीला, मंदाकिनीला, घेतलं. पाण्यात उडी घेऊन नागाशी झुंजणारा तो कृष्ण एक मराठी मुलगी होती. आपल्या पडद्यावरच्या झुंजार मुलींची गोष्ट सांगायची तर मला ती मंदाकिनीपासून सुरू करावीशी वाटते.

ललिताबाईंचा जो चित्रपट तुमच्या नातीनं बघायला हवा तो म्हणजे १९३१चा ‘दिलेर जिगर’. पुण्याच्या अगरवाल फिल्म कंपनीचा, दिग्दर्शक गणपतराव पवार. त्यांच्याशीच पुढं ललिताबाईंचं लग्न झालं आणि पवार हे आडनाव लागलं. गोष्ट राजवाड्यातली. चांगल्या राजाला त्याचा दुष्ट भाऊ कालसेन विष देऊन मारतो. तान्हा राजपुत्र कसाबसा वाचतो आणि सामान्य माणसांत वाढतो. मोठा होऊन तो हमीर रस्त्यावर कसरतीचे खेळ करून पोट भरतो. त्याच्यासोबत खेळ करणारी सारंगा म्हणजे ललिता पवार. कालसेनाची नजर सारंगेवर पडते आणि इथून गोष्ट वेग घेते.

मग हमीर संकटात सापडतो आणि सारंगा रडत बसत नाही. ती तोंडावर मुखवटा चढवते, हाती तलवार घेते आणि पुरुषांच्या घोळक्यात घुसते. त्या काळातल्या आपल्या पोरांनी हॉलिवूडचा डग्लस फेअरबँक्स पाहिला होता. त्याचा १९२०चा ‘द मार्क ऑफ झोरो’, १९२४चा ‘द थीफ ऑफ बगदाद’. मुखवटा, टांगलेल्या दोरीवरून झेप, भिंतीवरून उडी, ही सगळी त्याची देणगी. आपल्याकडं ती कोल्हापूरच्या मास्टर विठ्ठल यांनी उचलली आणि ते ‘भारताचे डग्लस फेअरबँक्स’ झाले. पण पवारांनी मुखवटा नायिकेच्या तोंडावर बांधला. ही कल्पना मला त्या चित्रपटातली सगळ्यात धाडसाची गोष्ट वाटते.

फिअरलेस नादियाचं नाव तुम्ही ऐकलं असेल. चाबूक घेतलेली, गोरीपान, ‘हंटरवाली’. तो चित्रपट वाडिया मुव्हिटोनचा, १९३५चा. म्हणजे येवल्याची सारंगा मुखवटा बांधून चार वर्षं आधी लढून गेली होती. हे सांगताना नादियाचं श्रेय मला कमी करायचं नाही. ऑस्ट्रेलियातल्या पर्थला जन्मलेली ही मेरी इव्हान्स मुंबईत वाढली आणि आगगाडीच्या टपावर जी मारामारी तिनं केली, ती तिनं स्वतः केली. पण आपल्या स्टंटपटांचा इतिहास सांगताना लोक थेट नादियापासून सुरुवात करतात आणि पुण्याच्या त्या मुखवट्याचा उल्लेखही होत नाही, याचं मला वाईट वाटतं.

का होत नाही? एक कारण वर्षातच आहे. १४ मार्च १९३१ला मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात ‘आलम आरा’ लागला आणि चित्रपट बोलू लागला. नायक तेच मास्टर विठ्ठल. लोकांना आवाज हवा होता, गाणी हवी होती. त्या वर्षी निघालेला मूकपट म्हणजे दुकान बंद होता होता मांडलेला माल. सुरुवातीच्या बोलपटांत ध्वनिमुद्रणाच्या यंत्रामुळं नटाला एका जागी खिळून बोलावं लागे. ज्यांची भाषाच धावण्याची आणि उडी मारण्याची होती त्यांची सगळ्यात जास्त पंचाईत झाली. दुसरं कारण प्रेक्षकांचं. स्टंटपट बघायला गिरणी कामगार, हमाल, शाळा चुकवणारी पोरं पुढच्या स्वस्त रांगांत बसत. शिकलेल्या मंडळींना पौराणिक आणि सामाजिक चित्रपटांत रस होता. लिहिणारी मंडळी तीच, त्यामुळं लिहिलं गेलं तेही त्यांच्याच चित्रपटांवर.

बोलपट आल्यावरही ललिताबाई थांबल्या नाहीत. १९३५च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’मध्ये त्या नायिका होत्या. मूकपटात असतानाच त्यांनी ‘कैलास’च्या निर्मितीत हात घातला होता. १९३८मध्ये टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून ‘दुनिया क्या है’ काढला, निर्मात्याही त्याच. विशी-बाविशीतल्या बाईनं हे करावं, त्या काळात, हे कर्तृत्व कसरतीपेक्षा लहान नाही.

मग १९४२ आलं. एका चित्रीकरणात प्रसंग होता थोबाडीत मारण्याचा. मारणारे मास्टर भगवान, म्हणजे पुढं ‘अलबेला’मुळं घराघरात पोचलेले भगवानदादा. हात जोरात लागला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांग झालं, डाव्या डोळ्याची शीर फुटली. उपचार वर्षानुवर्षं चालले, डोळा मात्र पूर्वीसारखा झाला नाही. नायिकेचं काम तिथंच संपलं.

या प्रसंगावर मला थोडं थांबायचंय, कारण तुमच्या नातीच्या शेऱ्याशी त्याचा थेट संबंध आहे. “ही खरंच शिकलेली आहे,” असं ती म्हणाली. पडद्यावरची मारामारी ही मुळात एकमेकांना सांभाळण्याची कला आहे. मारणाऱ्यानं हात कुठवर न्यायचा, मार खाणाऱ्यानं मान केव्हा वळवायची, कॅमेरा कुठं असला म्हणजे मधलं अंतर दिसणार नाही, हे सगळं आधी ठरवावं लागतं, दहा वेळा करून बघावं लागतं आणि ते बघणारा एक जाणता माणूस बाजूला उभा असावा लागतो. हाँगकाँगला अशी माणसं होती. ‘हॅपकिडो’मधल्या मारामाऱ्या बसवणारा सॅमो हंग स्वतः चिनी संगीत नाटकाच्या शाळेतून आलेला होता. मारणारा आणि झेलणारी दोघंही एकाच शिस्तीत वाढलेली. आपल्याकडं १९४२मध्ये हे काहीच नव्हतं. तलवारी, घोडे, उड्या अशा दहा वर्षांच्या धोक्यातून जी बाई धड बाहेर पडली तिचं करिअर साध्या एका थोबाडीत गेलं. मी यात दोष भगवानदादांना देत नाही, तो अपघात होता. दोष असलाच तर धाडसावर चित्रपट काढून तालमीवर खर्च न करणाऱ्या धंद्याचा.

आणि तालीम आपल्याकडं नव्हती असंही नाही, ती चित्रपटात आणली गेली नाही. नादिया कुठून आली बघा. चित्रपटात येण्याआधी ती सर्कशीत काम करत होती. सर्कस तर आपली! विष्णुपंत छत्र्यांनी १८८०मध्ये भारतातली पहिली सर्कस उभी केली, आणि त्यांच्या पत्नी आवडाबाई झुल्यावरच्या कसरती करत. म्हणजे तैवानच्या त्या मुली जन्मायच्या सत्तर वर्षं आधी एक मराठी बाई हजारो लोकांसमोर उंच झुल्यावर लोंबकळत होती. पुढं पिढ्यानपिढ्या मराठी मुली सर्कशीत घडल्या. दोरीवरच्या मल्लखांबात मुली घडल्या. कोल्हापुरात मर्दानी खेळाचे आखाडे होते. आणि सगळ्यात जुनी तालीम डोंबाऱ्यांची. तुमच्या सास्तूरच्या बाजारातही ढोलकी वाजवत, बांबूंच्या कात्र्या रोवून, तारेवरून चालणाऱ्या पोरी तुम्ही नक्की पाहिल्या असतील.

‘दिलेर जिगर’ची सारंगा म्हणजे तरी कोण? रस्त्यावर खेळ करणारी कसरतपटूच. चित्रपटवाल्यांनी डोंबाऱ्याच्या पोरीची गोष्ट घेतली, तिचा खेळ घेतला, पण त्या पोरीला कंपनीच्या दारात कुणी बोलावलं नाही. तैवान आणि हाँगकाँगमध्ये नाटकाच्या शाळेतून स्टुडिओत जाण्याची वाट रुळलेली होती. आपल्याकडं नायिका संगीत नाटकातून आल्या, तमाशातून आल्या, गाणाऱ्या घराण्यांतून आल्या. गळा आणि चेहरा बघितला गेला. कसरतीच्या घराण्यांना मात्र समाजानं गावाबाहेर ठेवलं आणि चित्रपटानंही तेच केलं. आपल्याकडं एक अँजेला माओ होऊन दहा-पंधरा जणींची परंपरा का उभी राहिली नाही, याचं माझं उत्तर हे आहे. मुलींच्या अंगात कमी आहे म्हणून तर नाहीच नाही. तुमच्याच धाराशिवच्या सारिका काळे यांनी खो-खोत २०१६च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत भारताचं नेतृत्व केलं, संघानं सुवर्ण जिंकलं आणि २०२०मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. खांबाला एका हाताने वळसा घालून दिशा बदलणारी ती चपळाई कॅमेऱ्यासमोर काय दिसेल, याचा विचार एखाद्या मराठी दिग्दर्शकानं करून बघावा.

ललिताबाईंचं पुढं काय झालं ते तुम्हाला बरंचसं ठाऊक आहे. बिघडलेला डोळा घेऊन त्या परत उभ्या राहिल्या. १९४४मध्ये प्रभातच्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई केली. मग सासवा, आत्या, मावश्या. ‘श्री ४२०’मधली केळीवाली, ‘अनाडी’मधली मिसेस डिसा. या शेवटच्या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. १९६१मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९९८च्या फेब्रुवारीत पुण्यात त्यांचं निधन झालं. या दुसऱ्या डावात त्या मारामारी करत नव्हत्या, पण अंगाचा वापर विसरल्या नाहीत. मंथरेचा तो वाकलेला कणा, काठीवर टेकलेला भार, मान तिरकी करून कैकेयीकडं बघणं, हे पुन्हा बघताना लक्ष द्या. सत्तरीतल्या बाईनं अख्खी भूमिका पाठीच्या कण्यातून उभी केली आहे. बोलण्याच्या आधीच शरीरानं सांगून टाकायचं, हे मूकपटात वाढलेल्यालाच जमतं.

उरला तिसरा प्रश्न. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यांतले पूर्ण-अपूर्ण मिळून जेमतेम तीस हाती लागतात. जुनी फीत रसायनानं आपोआप नासते, चटकन पेट घेते, आणि तिच्यातली चांदी काढण्यासाठी लोकांनी ती विकूनही टाकली. या नासाडीतून ‘दिलेर जिगर’ वाचला, आणि ललिताबाईंचा त्याच वर्षीचा ‘गुलामी नू पतन’ही वाचला. श्रेय पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचं. ते १९६४मध्ये सुरू झालं आणि पी. के. नायर यांनी देशभर फिरून, गोदामं धुंडाळून, डबे गोळा केले. एका स्टंटपटाला त्यांनी फाळक्यांच्या चित्रपटांइतकंच जपण्याजोगं मानलं, हे त्यांचे फार मोठे उपकार.

संग्रहालय पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर आहे. अभ्यासासाठी म्हणून रीतसर अर्ज केला तर तिथं चित्रपट बघण्याची सोय करतात. मूकपटांचे जाहीर खेळही अधूनमधून होतात. नातीला सुट्टीत पुण्याला नेणार असाल तर आधी पत्र टाका, चित्रपटाचं नाव, वर्ष आणि दिग्दर्शक स्पष्ट लिहा. मूकपट बघायची सवय नसेल तर पहिली दहा मिनिटं जड जातात. मधून मधून पाट्या येतात, त्या तिला वाचून दाखवा. आणि जाण्याआधी घरी ‘रामशास्त्री’ बघून घ्या, म्हणजे आनंदीबाई झालेली हीच बाई सारंगा होऊन मुखवटा बांधते तेव्हा तिला ओळखायला सोपं जाईल.